उपरा दिवस

१

आखातातल्या तुबलीच्या सुतारकामाच्या वर्कशॉपमागे, अगदी खाडीच्या काठाला, एक जुना कंटेनर होता. शनिवारी सकाळी साडेसहाला सुतार संतोष गुरवनं त्याचं दार ओढलं आणि आतली थंड हवा सपकन त्याच्या तोंडावर आली. ऑगस्टचा महिना. बाहेर उभ्या उभ्या अंगातून पाणी निथळत होतं. आत एसी झकास चालू होता, आणि दाराशीच वर्कशॉपचा फोरमन खिजर हमदुले मरून पडला होता.

डॉक्टरांनी मृत्यूचं कारण लिहिलं: उष्माघात.

गारेगार खोलीत माणूस उष्म्यानं मेला, हे ऐकून वली पारकरला आधी हसूच आलं. मग स्वतःची लाज वाटली, पण फार नाही. खिजर त्याच्या धाकट्या बहिणीचा, जुबैदाचा, नवरा होता आणि वलीला तो कधीच आवडला नव्हता. तीस वर्षं वली एका विमा कंपनीत सर्व्हेयर होता. गोदाम जळालं की जाळलं, हे राखेकडे बघून सांगायचं हा त्याचा धंदा. आता निवृत्त झाला होता, पण नाकाला कोण निवृत्त करणार!

पोलिसांचं म्हणणं सरळ होतं. गल्लीतली वायरिंग जुनी. रात्री कधीतरी लाईट गेली, कंटेनर तापला, म्हातारा साखरेचा पेशंट, चक्कर येऊन पडला, मग लाईट आली. दाराची कडी आतून लावलेली नव्हती, बाहेरूनही नव्हती. खलास.

वलीनंही खलास म्हटलं असतं. पण मय्यतीला गुसल, म्हणजे शेवटची आंघोळ, द्यायला पुरुषांत तोही उभा राहिला आणि पाणी ओतता ओतता त्यानं खिजरचे हात उलटे केले. दोन्ही तळव्यांच्या कडा, करंगळीपासून मनगटापर्यंत, काळ्यानिळ्या पडल्या होत्या.

दार उघडं असताना ते ठोकत कोण बसतं?

वलीनं हात पुन्हा सरळ केले आणि वर कफन ओढलं.

२

“भाई, लोक बोलतात त्यानं स्वतःच एसी बंद केलान,” जुबैदा म्हणाली. रिफातल्या तिच्या घरात फक्त एका खोलीत दिवा होता. “तसा जीव दिला असंल तर त्याला माफी नाय. मला येवढंच सांग, त्याच्या मौतीत कोनाचा हात हाय का नाय. मग मी रडायला मोकळी.”

एवढ्यासाठी वली कामाला लागला. आणि काम म्हणजे आधी खिजरनं रचलेलं कॅलेंडर समजून घेणं होतं, कारण त्यातल्याच एका दिवसासाठी तो कंटेनरमध्ये गेला होता.

खिजरनं तीस वर्षांपूर्वी मनातल्या मनात एक देश वसवला होता. समुद्राच्या तळाशी, पोवळ्यांच्या डोंगरात. त्याचं नाव मरजान. त्या देशाचं वर्ष तेरा महिन्यांचं, महिना अठ्ठावीस दिवसांचा. होतात तीनशे चौसष्ट. उरलेला एक दिवस कुठल्याच महिन्यात नाही. तो उपरा दिवस. त्या दिवशी मरजानात जे घडेल ते कुणी लिहायचं नाही आणि त्याबद्दल कुणाला जाब विचारायचा नाही.

इथवर छान होतं. नातवंडांना सांगावं असं. पण प्रत्येक तारखेला खिजरनं एकेक नाव दिलं होतं आणि ती नावं त्यानं मरजानातून आणली नव्हती. ती घरातून आणि वर्कशॉपमधून आणली होती. भरतीच्या महिन्याची चौथी हा ‘करपलेल्या भाताचा सण’. लग्नानंतर जुबैदानं पहिल्यांदा वीस माणसांचं जेवण केलं तो दिवस. अकरावी म्हणजे ‘ओल्या चटईची रात’, मुलगा ओवैस पाच वर्षांचा होता तेव्हाची. ज्याची जिथे फजिती झाली तिथे खिजरनं खिळा ठोकला, आणि दर वर्षी त्या तारखेला जेवताना तो सण हसत हसत साजरा केला. बाहेरचे म्हणायचे, काय डोकं आहे हमदुल्यांचं!

“पहिली तारीख तेवढी कोरी राखलीवती,” जुबैदा म्हणाली. “जुम्म्याच्या राती जेवताना बोलला, यंदा पहिलीला पन नाव देनार. शनिवारी सकाळी नाश्त्याला सांगतो.”

“थर्सडे, अम्मी,” अरीबा हळूच म्हणाली. “थर्सडे नाइट होती.”

“तेच ते.”

अरीबा ही खिजरची थोरली मुलगी, बत्तीस वर्षांची, शाळेत शिक्षिका. लग्नानंतर तीन महिन्यांत नवऱ्यानं तिला अंगठीसकट परत पाठवली होती. पोटात लाईबा होती. आता लाईबा आठ वर्षांची होती आणि दारामागे उभी राहून मामू-नानाच्या, म्हणजे वलीच्या, बुटांकडे बघत होती.

“नाव कुणाच्या फजितीचं द्यायचं होतं?” वलीनं विचारलं.

लाईबानं दाराआड तोंड लपवलं. मग जुबैदानंच सांगितलं. शाळेच्या नाटकात लाईबा स्टेजवर घाबरली आणि तिचा फ्रॉक ओला झाला. नाना पहिल्या रांगेत होता.

“उपऱ्या दिवशी तो तिकडेच कंटेनरात राहायचा,” जुबैदा पुढे म्हणाली. “जुम्म्याचा नमाज पढून गेला, फोन घरी ठेवून. शनिवारी सकाळी येनार ह्ये ठरलेलं. म्हनून मी काय काळजी केली नाय.”

“मी गेले होते, मामू,” अरीबा म्हणाली. ती इंग्रजीत सुरू झाली, मग आईसाठी मराठीत आली. “फ्रायडे, दुपारभर घरीच होते, लाईबाला झोपवून. मग साडेआठला गेले. बिर्याणी घेऊन. वॉचमन मुझम्मिलनं मला बघितलं. दार आतून बंद होतं, एसीचा आवाज येत होता. अब्बा आतूनच ओरडले, ‘जा, आज उपरा दिवस आहे, मी कुणाशी बोलत नाही.’ मी डबा परत घेऊन आले. मग ओवैसच्या इव्हेंटला गेले, एक वाजेपर्यंत तिथेच.” तिचे डोळे भरले. “आय शुड हॅव वेटेड.”

म्हणजे शुक्रवारी रात्री साडेआठला खिजर जिवंत होता, ओरडण्याइतका ठणठणीत होता. मग त्यानंतर कुणीतरी बाहेरून कडी घातली होती.

३

कंटेनरच्या आत भिंतीवर शिसवी लाकडाचं एक गोल चक्र होतं, गाडीच्या चाकाएवढं. त्यावर तीनशे चौसष्ट भोकं. एक भोक चक्राच्या बाहेर, एकटंच. पितळेची खुंटी त्या एकट्या भोकात बसलेली होती. खाली मेजावर खिजरची वही. रोजची एक ओळ लिहिलेली. नव्या वर्षाचं पान कोरं होतं, पेन त्यावर आडवं.

“हे चक्र मी केलंय,” संतोष म्हणाला. संगमेश्वरचा माणूस, बावीस वर्षं खिजरच्या हाताखाली. “आनि त्याच्यात मी पन हाय. खाऱ्या वाऱ्याची नववी बघा.”

वलीनं बघितलं. ‘सुताराचं रडगाणं.’

“आई गेली त्या दिवशी लीव मागायला गेलो, वलीभाय. नाय दिलीन. बोलला, पोचशील तवर जाळून झाली आसंल, मग जाऊन काय करनार? मी तिथंच रडलो, समद्यांसमोर. दर वर्षी त्या तारखेला चहाच्या वेळी मला रडून दाखवायला लावायचा.” संतोषनं हातातल्या पट्टीवर अंगठा फिरवला. “पन मी नाय मारलं. मी शुक्रवारी झल्लाकला व्हतो. रिसॉर्टचे दरवाजे बसवायचं काम, पहाटे सहा ते रात्री दहा. बारा जनं व्हतो. विचारा कोनालापन.”

“बाहेरची कडी कोण लावतं?”

“कोन पन. साधा अडसर हाय. आनि एसीचा मेन स्विच हा बाहेर, भिंतीवर.”

“इथली वर्दळ?”

“शुक्रवारी मफी, कोन नाय. मुझम्मिल नमाजाला जातो तो चारला उगवतो. तोपन म्होरल्या गेटवर बसतो, मागचं त्याला कायपन ऐकू येत नाय.”

बोलता बोलता सूर्य बुडाला आणि खाडीपलीकडच्या मशिदीतून मगरिबची अजान सुरू झाली. संतोषचा हात आपोआप खुंटीकडे गेला आणि हवेतच थांबला.

“काय झालं?”

“सवय वो. अजान झाली का खिजरभायनं खुंटी उचलायची आनि पुढच्या भोकात घालायची. मग वहीत एक वळ लिवायची. बावीस वर्षांत चुकली नाय. एकदा ताप चढलेला, एकशेतीन, मी धरून उभा केलेला. दुसऱ्या कोनाला हात लावायची ताकद नवती.”

वली त्या पितळी खुंटीकडे बघत राहिला. काहीतरी त्याच्या डोळ्यांसमोर होतं आणि हाताला लागत नव्हतं. राखेच्या ढिगात असं व्हायचं त्याला.

४

ओवैसनं मरजानचा मोबाइल गेम केला होता. चाळीस हजार लोक तो खेळायचे. परदेशातली पोरं करपलेल्या भाताचा सण साजरा करायची, फोटो टाकायची. अंगठीच्या दिवशी पडद्यावर अंगठी समुद्रात फेकायची आणि बक्षीस म्हणून पोवळं मिळवायची. ती कुणाची अंगठी, हे त्यांना ठाऊक नव्हतं. ओवैसला ठाऊक होतं.

“ताईची तारीख तू गेममध्ये का घातलीस?” वलीनं विचारलं.

“इट्स गुड कंटेंट, मामू.” ओवैसनं खांदे उडवले. सत्तावीस वर्षांचा पोरगा, बापासारखंच बारीक ओठांचं तोंड. “ओली चटई पण घातली ना? मी स्वतःची लपवली नाही. अब्बा नावं द्यायचे, मी टाकायचो.”

“तुझं-त्याचं भांडण होतं.”

“भांडण नाही. एक बग होता, दोन महिने त्याच्यावरून डोकं खाल्लं माझं. फिक्स कर, फिक्स कर. मी म्हटलं, यूझर्सना कळणार नाही, वोन्ट फिक्स.”

शुक्रवारी तो कुठे होता? रिफातल्याच एका हॉलमध्ये. उपऱ्या दिवसाचा मेळावा, दुपारी बारापासून रात्री एकपर्यंत. चारशे माणसं. अरीबा नऊच्या सुमाराला आली, लाईबाला घेऊन, आणि शेवटपर्यंत थांबली.

वली गाडीत येऊन बसला. रात्रीसाठी तिघांचीही साक्षीदारांची भिंत पक्की होती. संतोषपाशी बारा, बहीणभावापाशी चारशे. मग साडेआठनंतर तुबलीला गेलं कोण? मुझम्मिल कुराणावर हात ठेवून सांगत होता की अरीबाबाजींच्या गाडीनंतर सकाळपर्यंत गेटातून मांजरसुद्धा गेलं नाही.

मग त्याला एकदम जुबैदाचा शब्द आठवला. जुम्म्याची रात. आणि तिची लेक म्हणाली होती, थर्सडे.

दापोलीकडच्या त्यांच्या घरात लहानपणापासून गुरुवारी सूर्य बुडाला की जुम्मा लागायचा. आजी तेव्हाच अगरबत्ती लावायची. दिवस मावळतीला बदलतो, आधी रात येते आणि मग तिचा दिवस. वलीला हे कुणी शिकवलं नव्हतं, श्वास घ्यायला कुणी शिकवतं का? आणि खिजर त्याच गावचा. त्याची खुंटी अजानीला हलायची.

वलीनं फोन काढला. ओवैसचा नंबर लावला.

“ओवैस, तो बग कसला होता?”

“तो? माझ्या ॲपमध्ये दिवस मध्यरात्री बदलतो, फोनसारखा. अब्बांना सूर्यास्ताला हवा होता. म्हणायचे, तू माझा दिवस चुकीच्या जागी कापलास.”

“तो दुरुस्त केला तर शुक्रवारी रात्री साडेआठला मरजानात कुठली तारीख दाखवेल?”

पलीकडे बोटं चालल्याचा आवाज आला.

“डे वन. नवीन वर्षाची पहिली. उपरा दिवस सव्वासहाला संपला. का, मामू?”

“असंच,” वली म्हणाला आणि फोन ठेवला.

विचारायला नको होतं, हे त्याच्या ध्यानात आलं तोवर उशीर झाला होता. अरीबाची साक्ष घरात सगळ्यांनी ऐकली होती. ओवैसनं पण.

५

शाळा सुटल्यावर अरीबा पार्किंगमध्ये आली. वलीनं तिला आपल्या गाडीत बसवलं आणि एसी बंद ठेवला. मुद्दामच. वली काही साधू नव्हता.

“खुंटी उपऱ्या भोकातच होती, अरीबा. वहीचं पान कोरं. म्हणजे शुक्रवारी मगरिबची अजान झाली तेव्हा तुझ्या बापाला उठून उभं राहता येत नव्हतं. आणि तू सांगतेस, त्यानंतर सव्वादोन तासांनी तो ओरडला की आज उपरा दिवस आहे. ज्या माणसानं तापात तारीख चुकवली नाही, तो संपलेल्या दिवसाचं नाव घेईल?”

“मामू, आय डोन्ट...”

“कडी दुपारी लागली. स्विच दुपारी बंद झाला. दुपारी संतोष झल्लाकला होता, ओवैस चारशे माणसांत होता. तू म्हणतेस तू घरी होतीस आणि लाईबा झोपली होती. साडेआठला तू बिर्याणी द्यायला गेली नाहीस. कडी काढायला गेलीस. मुझम्मिलनं गाडी बघितली म्हणून तुला काहीतरी सांगणं भाग पडलं.”

काचेवर ऊन आदळत होतं. अरीबाच्या कपाळावरून घाम ओघळला, तिनं पुसला नाही. मग ती बोलू लागली आणि वलीच्या अंगावर काटा आला, कारण ती मराठीत बोलत होती. आईच्या मराठीत, अडखळत.

“मी नऊ वर्षांची होते. तवा उपऱ्या दिवशी तो घरीच असायचा, मला न्हाणीत कोंडलान. सकाळपासून. मी हसले होते जेवताना. बाहेर काढताना बोलला, हे मी लिहीत नाय, उपकार मान.” तिनं मान वर केली. “त्याचाच कायदा, मामू. त्या दिवशी केलेलं लिहायचं नाय. अंगठी माझी होती, मी सोसलं. दर वर्षी चाळीस हजार लोक माझी अंगठी फेकतात. पन लाईबा? पहिली तारीख? तिची सगळी शाळा तो गेम खेळते.”

“साडेआठला तो मेलेला होता?”

तिनं काचेकडे तोंड फिरवलं.

“अरीबा.”

“नाय. दाराशी पडलावता. पानी मागितलान.”

“मग?”

“मी एसी लावला. दार लोटलं. पानी नाय दिलं.” तिनं पहिल्यांदा वलीच्या डोळ्यांत बघितलं. “बारा वाजायचे होते अजून. उपरा दिवस होता.”

वलीला तिची कीव आली आणि त्याच वेळी तिला जोरात थोबाडावं असंही वाटलं. दोन्ही एकदम.

“नव्हता, पोरी,” तो म्हणाला. “तू कडी घातलीस तेव्हा होता. पाणी नाकारलंस तेव्हा पहिली तारीख लागली होती. त्याच्या कायद्यानं ते लिहिलं जातं.”

तेव्हा कुठे ती रडली. तोंडावर हात दाबून, बाहेर पोरींना आपली टीचर दिसू नये म्हणून खाली वाकून.

६

दहाव्या दिवशी घरी कुराणखानी झाली. पाहुणे गेल्यावर जुबैदानं भावाला आपल्या शेजारी बसवलं. हातात तसबीची माळ होती. तिनं तोच प्रश्न विचारला आणि वली आठ दिवस ज्यावर तळमळला होता ते उत्तर त्यानं दिलं.

“कोणाचा हात नाही, जुबैदा. लाईट गेली. अपघात.”

तीस वर्षं ज्यानं एका खोट्या दाव्यावर सही केली नव्हती, त्यानं ही केली. अरीबा आत गेली असती तर लाईबाचा ताबा त्या परत पाठवणाऱ्या बापाकडे गेला असता. जुबैदानं डोळे मिटले आणि दहा दिवसांत पहिल्यांदा मोकळी होऊन रडली. स्वयंपाकघराच्या दारात अरीबा कपबशा घेऊन उभी होती. ओवैस कोपऱ्यात फोनमध्ये मान घालून बसला होता. बापाचेच बारीक ओठ.

बाहेर मगरिबची अजान झाली. सगळ्यांचे फोन एकदम वाजले.

“अपडेट!” लाईबा सोफ्यावरून उठून बसली. तिला नाना गेल्याचं दुःख होतं, पण गेम तिला आवडायचा. ती मोठ्यानं वाचू लागली, इंग्रजीतलं, नानीला कळावं म्हणून मध्येच मराठीत. “दिवस आता सनसेटला बदलणार. आणि नानी, पहिल्या तारखेला नाव मिळालं! ‘मुलीनं दार लावलं तो दिवस.’”

कपबशा खाली पडल्या नाहीत. अरीबानं त्या घट्ट धरून ठेवल्या होत्या.

“ओवैस,” वली म्हणाला. “बंद कर ते.”

“इट्स गुड कंटेंट, मामू,” ओवैस म्हणाला. त्यानं मान वर केली नाही.

“त्या दिवशी काय करायचं ते पण दिलंय,” लाईबा वाचत होती. “मुलीनं घरातल्या मोठ्या माणसाला आत ठेवायचं, बाहेरून कडी घालायची, आणि सूर्य बुडेपर्यंत काढायची नाही. जी मुलगी काढणार नाही तिला शंभर पोवळी.”

जुबैदाच्या हातातली तसबी थांबली. तिनं आधी मुलाकडे पाहिलं, मग भावाकडे. वलीला तिची नजर झेलता आली नाही आणि तेवढं तिला पुरलं. मग ती सावकाश मुलीकडे वळली. तसबीचा मणी पुढे सरकला नाही.

लाईबा उड्या मारत आईपाशी गेली आणि तिच्या ओढणीला लोंबकळली.

“मम्मा, नाना तर नाहीत आता. मग नेक्स्ट इयर मी तुला कोंडायचं ना?”

अरीबानं कपबशा टेबलावर ठेवल्या, एकेक करून. मग ती गुडघ्यांवर बसली आणि लेकीच्या कपाळावरचे केस मागे सारले.

“हो बाळा,” ती म्हणाली. “मलाच.”